कोपऱ्यातल्या खाटेचा निरोप

आईला पणजीच्या इस्पितळात नेलं त्या सकाळी मांडवीवर दाट धुकं होतं. त्या वर्षीच्या पावसाळ्यात नदीवरचा पूल पडला होता. पेडण्याकडची बस बेतीला येऊन थांबायची आणि पुढे फेरीबोट. आई बोटीत कुणाच्या तरी पत्र्याच्या पेटीवर बसली होती, दोन्ही हातांनी पोट धरून. पलीकडचा काठ दिसतच नव्हता. बोट निघाली की थांबलीय, तेही कळत नव्हतं. आई माझ्याकडे न बघता म्हणाली, "पाणी किती मऊ दिसतंय गो आज." इतकं दुखत असताना तिला पाणी मऊ दिसत होतं, याचं मला नवल वाटलं.

मी तेव्हा एकवीस वर्षांची होते. बी.ए. होऊन घरी बसले होते आणि मराठी शाळेत शिक्षिकेची जागा निघायची वाट बघत होते. धारगळला हमरस्त्याला लागून बाबांचं छोटं दुकान होतं, घरी दोन धाकटी भावंडं होती. म्हणून आईपाशी मी राहायचं ठरलं. ऑपरेशन झालं त्या दिवशी बाबा थांबले, आणि दुसऱ्या दिवशी सकाळच्या बोटीने परत गेले. "परवा येतो," म्हणाले. पुढचे सहा दिवस ते येऊ शकले नाहीत.

आईच्या पोटात गाठ होती. ती काढली आणि तपासायला पाठवली. गाठ कसली, ते आठवड्याभरात कळेल, असं डॉक्टर म्हणाले. आईला एवढंच सांगितलं होतं की गाठ गेली. तपासणीचं मी माझ्याजवळ ठेवलं. ती निजली की मी तिच्या चेहऱ्याकडे बघायची, आणि तिने डोळे उघडले की जनेलातून बाहेर.

इस्पितळ जुनं, लांबलचक, नदीसमोरचं. बायकांच्या ऑपरेशनच्या वॉर्डाबाहेर रुंद व्हरांडा होता आणि भिंतीला लागून एक लांब लाकडी बाक. वॉर्डाचा नियम कडक. पुरुषांना फक्त संध्याकाळी चार ते पाच आत सोडायचे. बाकी वेळ खाटेपाशी एक बाई, आणि नवरे, भाऊ, मुलगे बाहेर त्या बाकावर. आपापली पिशवी मांडीवर घेऊन बसलेले. कुणी कुणाशी फारसं बोलत नसे. दार करकरलं की सगळ्या माना एकदम वर होत. बाहेर आलेली बाई आपल्यासाठी नाही हे दिसलं की एकेक मान खाली जाई, आणि सगळे परत नदीकडे बघू लागत. नदीतून खनिजाच्या बार्जी जायच्या. डिचोलीकडून भरून आलेल्या, पाण्याला कड टेकेल इतक्या खाली बसलेल्या, मुरगावच्या दिशेने. त्यांचा आवाज यायचा तो बार्ज दिसेनाशी झाल्यावर, किंवा मला तरी तसं वाटायचं. जागरणाने माझ्या कानांचा आणि डोळ्यांचा मेळ सुटला होता.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी आईचं लुगडं धुवायला निघाले, तेव्हा दारापाशी एक म्हातारा उभा होता. पांढरं धोतर, वर तपकिरी स्वेटर, हातात टोपी. उंबऱ्याच्या अलीकडे अगदी नेमका उभा, जणू पलीकडे पाणी आहे.

"बाय," तो म्हणाला, "कोपऱ्यातल्या खाटेर आमची मंडळी आसा. तिका एक विचारशी?"

"काय विचारू, काका?"

"अळसांद्याचं बी खंय दवरलां, विचार. शेजारी आज गावाक जाता. तो पेरून टाकीत."

कोपऱ्यातली खाट जनेलाखाली होती. तिच्यावरच्या बाईला मी आदल्या दिवशी पाहिलं होतं. साठीची, बारकी, नाकात मोठी नथणी. आतड्याला पीळ पडला म्हणून डिचोलीकडच्या गावातून तिला आणलं होतं आणि तातडीने ऑपरेशन केलं होतं. तिच्यापाशी कुणी बाई नव्हती. दोन मुली लग्न होऊन लांब गेलेल्या. आया येता-जाता बघायच्या, तेवढंच. मी जाऊन अळसांद्याचं, आमच्याकडच्या चवळीचं, बी कुठे आहे ते विचारलं. तिने डोळे उघडले नाहीत, पण उत्तर तयार होतं.

"चुलीवरच्या माळ्यावर. राखेच्या मडक्यात. आणि सांग त्यांना, सगळं मडकं शेजाऱ्याच्या हातात देऊ नका. त्याची बायको अर्धं घरी ठेवील."

मी बाहेर येऊन जसंच्या तसं सांगितलं. म्हाताऱ्याने मान हलवली. चेहऱ्यावर जे आलं त्याला हसू म्हणता येणार नाही, पण त्याचे खांदे खाली आले. "बरी आसा म्हणजे," तो म्हणाला.

"चार वाजता आत सोडतात, काका. तुम्हीच या की भेटायला."

त्याने टोपी फिरवली. "आत इतक्या बायका. कोणाचा पदर खंय, कोणाचो खंय. हांवे कसं जावचं?"

चार वाजता बाकीचे पुरुष आत आले. तो उंबऱ्यापर्यंत आला, कोपऱ्याकडे एकदा बघितलं आणि मागे फिरला. तिथून त्याला खाटेचा फक्त पायथा दिसत असणार आणि चादरीखालची पावलं. लाजेपेक्षा भीती जास्त असावी, असं मला पुढे वाटू लागलं. त्या दिवशी मात्र मी त्याला जुन्या वळणाचा माणूस समजले.

तिसऱ्या दिवशी रस्ते बंद झाले.

भाषेचं आंदोलन काही महिने चाललंच होतं. राजभाषा कोकणी की मराठी, यावर आमच्या घरात, दुकानात, बसमध्ये, कॉलेजात रोज बोललं जाई. कॉलेजात मी स्वतः मराठीच्या बाजूने घोषणा दिल्या होत्या, घसा बसेपर्यंत. आता झाडं पाडून रस्ते अडवले होते, बसगाड्या उभ्या होत्या, बोटींचा भरवसा नव्हता. कुठे काय झालं याच्या बातम्या व्हरांड्यात तुकड्यातुकड्यांनी यायच्या आणि खऱ्या किती ते कुणाला माहीत नसायचं. जे बाहेर होते ते बाहेर राहिले, जे आत होते ते आत. बाकावर रोज तेच सात-आठ चेहरे. सकाळी सायकलवरून उंडे, म्हणजे गोल पाव, घेऊन येणारा पोदेर तेवढा चुकला नाही. त्याचा भोंगा ऐकला की कळायचं, आणखी एक दिवस उजाडला.

त्या सात-आठ जणांत एक बेळगावकडचा गवंडी होता. पंचविशीचा असेल. इथे पर्वरीला बांधकामावर कामाला होता आणि त्याच्या बायकोचं अपेंडिक्स फुटलं होतं. तिच्यापाशी तिची मोठी बहीण होती, म्हणून त्याला निरोपांची अडचण नव्हती. तरीही मी बाहेर आले की तो उठून उभा राहायचा.

"अक्का, ती जेवली काय, तेवढं बघून सांगा की. बहीण तिची बरं तेच सांगती मला."

मी बघून यायचे आणि खरं ते सांगायचे. दोन घास खाल्ले. नाही खाल्लं. आज उठून बसली.

रस्ते बंद झाले त्या दुपारी त्याने मला दबक्या आवाजात विचारलं, "अक्का, बाहेर कुणी अडवलं आणि विचारलं, तू कुठल्या भाषेचा, तर काय सांगायचं?"

घोषणा देणारी मी, पण त्याच्या प्रश्नाला माझ्याजवळ काहीच नव्हतं. पलीकडे बसलेला म्हातारा नदीकडे बघतच म्हणाला, "सांग, बायल इस्पितळात आसा म्हणून. त्याच्यार कोणी कितें विचारचे ना."

गवंड्याने ते मनाशी दोनदा म्हणून बघितलं. त्या बोलण्यात मराठी किती नि कोकणी किती, हे आमच्यातल्या कुणाच्या ध्यानातही आलं नाही. पेडण्यात आणि डिचोलीत आम्ही जन्मभर असंच बोलत आलो होतो. घरात एक, पाटीवर एक, देवापुढे एक, आणि रागावलं की तिन्ही.

दिवस वितळत होते. व्हरांड्यातलं घड्याळ बंद पडलं होतं की मीच बघायचं सोडलं होतं, आता आठवत नाही. दुपारी आई निजली की मी बाकाच्या टोकाला बसायची. हिवाळ्याचं ऊन पायांवर यायचं, नदीचं पाणी व्हरांड्याच्या छतावर हलायचं. ते हलणारं ऊन बघत मी बसल्या बसल्या झोपायची. एकदा स्वप्न पडलं की इस्पितळ काठापासून सुटलंय आणि आम्ही सगळे, खाटा, बाक, सिस्टर, संथपणे समुद्राकडे चाललोय. कुणालाच त्याचं काही वाटत नव्हतं. आई धारगळच्या दुकानात बसल्यासारखी पाय पसरून बसली होती आणि कुणाला तरी साबण देत होती. जाग आली तेव्हा गवंडी व्हरांड्याच्या पायरीवर उकिडवा बसून एक सुटलेला दगड हाताने हलवून बघत होता. त्या दगडाला अडखळून रोज कुणी ना कुणी पडायचं. दुसऱ्या दिवशी त्याने कुठूनसं मूठभर सिमेंट मिळवलं आणि तो दगड पक्का केला. मग वाळेपर्यंत दोन तास तिथे राखण करत बसला. जो येईल त्याला हात करून बाजूने जायला सांगायचा. त्या दोन तासांत तो मला पहिल्यांदाच निवांत दिसला.

चौथ्या दिवशी सकाळी मला कोपऱ्यातल्या खाटेभोवती माणसं दिसली. मोठे डॉक्टर, दोन शिकाऊ, सिस्टर. म्हातारीचा चेहरा लाल झाला होता, ओठ सुकले होते, आणि ती तिथे नसलेल्या कुणाशी तरी बोलत होती. डॉक्टरांनी मागे वळून विचारलं, "हिचं कोण आहे?"

कुणी पुढे आलं नाही. मी आईच्या खाटेपाशी उभी होते. "मी," म्हणाले. का म्हणाले, ते आजही नीट सांगता येणार नाही.

डॉक्टर हळू आवाजात बोलले. आत पू झाला होता. ताप चढला होता. औषध बदललं होतं. "दोन दिवस जाऊ देत. तोवर काही सांगता येणार नाही. घरच्यांना कल्पना देऊन ठेव."

घरची माणसं म्हणजे बाहेर बाकावर बसलेला तो एकटा. मी दारापर्यंत गेले. त्याने मला बघितलं आणि उठून उंबऱ्यापाशी आला, टोपी हातात घेऊन. काय सांगायचं ते मी मनात जुळवत होते, तोवर तोच बोलला.

"बाय, तिका विचार, मागल्या कुणग्यात मिरची लावची की कांदे?"

शेत लांब, रस्ते बंद, लावणारं घरी कोणी नाही. तरी तो उत्तरासाठी उभा होता. मी आत गेले. खाटेपाशी उभी राहिले. म्हातारीचा हात चादरीवर काहीतरी शोधत होता. मी तो हातात घेतला, तो तव्यासारखा तापला होता. "मावशी," मी म्हटलं. तिने माझ्याकडे बघितलं आणि मला पाहिलंच नाही.

मी बाहेर आले आणि म्हणाले, "त्या म्हणाल्या, तुम्हाला वाटेल ते लावा."

नदीत एक रिकामी बार्ज वर चालली होती. ती दिसेनाशी होईपर्यंत म्हातारा तिकडे बघत राहिला.

"असं म्हणाली?"

"हो."

"बरं," तो म्हणाला आणि जाऊन बाकावर बसला.

पुढचे दोन दिवस मी खोटं बोलले. तो विचारायचा आणि मी उत्तर आणायची. गोठ्याच्या कवाडाची दोरी नवी घालायची का? घाला म्हणाल्या. देवाच्या खोलीतली समई कुठल्या पेटीत आहे? मोठ्या. थोरल्या मुलीला पत्र टाकायचं का? आत्ता नको म्हणाल्या. प्रत्येक वेळी मी खाटेपाशी जाऊन उभी राहायची, कारण न जाता उत्तर द्यायला मन धजत नव्हतं. तेवढा वेळ मी तिच्या ओठांवर ओला बोळा फिरवायची, तिचे विसकटलेले केस मागे घ्यायची. मग दारापर्यंतच्या पंधरा-वीस पावलांत उत्तर तयार करायची. पहिल्या खोट्यानंतर दुसरं सोपं गेलं आणि तिसरं त्याहून सोपं, पण रोज संध्याकाळी एकच विचार यायचा. ती गेली तर? माणसाला शेवटचं भेटूही दिलं नाही मी. चार वाजता मी त्याला म्हणायची, "आज तरी या, काका." आणि तो आला तर काय होईल या भीतीने माझा आवाज इतका बारीक निघायचा की तो नाही म्हणाला की मला सुटल्यासारखं व्हायचं.

आईला सगळं दिसत होतं. सहाव्या दिवशी मी तिला पेज भरवत असताना ती म्हणाली, "तू मलाही असंच काहीतरी सांगतेस का गो?"

"नाही," मी म्हणाले.

तिने तोंड उघडून पुढचा चमचा घेतला. मला वाटतं, तिला कळलं. मुलीच्या हातचं चमचाभर खोटं तिने पेजेबरोबर गिळलं आणि परत विचारलं नाही.

सातव्या दिवशी पहाट संपता संपता पोदेराचा भोंगा ऐकू आला, तेव्हा मी आईच्या खाटेखाली चटईवर होते. वॉर्डात करडा उजेड होता. कोपऱ्यातून आवाज आला, अगदी कोरडा, पण रोखठोक.

"गो बाय. पाणी."

मी धावले. तिचं कपाळ घामाने भिजलं होतं आणि गार होतं. दोन घोट पाणी प्याली. मग माझ्याकडे बघत राहिली, ही कोण असं.

"ते खंय आसत?" तिने विचारलं.

"बाहेर आहेत, मावशी. बाकावर."

"किती दिवस?"

"सात."

तिने डोळे मिटले. "घर उघडं टाकून," ती म्हणाली.

मी सिस्टरना उठवलं. त्यांनी ताप बघितला, नाडी बघितली, आणि पहिल्यांदाच नियम मोडून म्हणाल्या, "जा, घेऊन ये त्यांना. पाच मिनिटं."

तो बाकावर पाय वर घेऊन, शाल गुंडाळून बसला होता. जागाच होता. मला घाईने आलेलं बघून तो उठला नाही. त्याचा चेहरा एकदम रिकामा झाला. त्याला काय वाटलं असेल ते माझ्या लक्षात आलं आणि मी भरभर म्हणाले, "बोलतायत त्या, काका. तुम्हाला बोलावलंय."

उंबऱ्यापाशी तो थांबला. मी त्याचा हात धरला. मान खाली घालून, फक्त फरश्यांकडे बघत तो माझ्याबरोबर कोपऱ्यापर्यंत आला आणि खाटेच्या पायथ्याशी उभा राहिला. चाळीस वर्षांच्या संसारातली ती दोघं एकमेकांकडे बघेनात. तिने चादर सारखी केली.

"बी पेरलं काय?" तिने विचारलं.

"रस्ते बंद आसत. गावचो निरोप ना."

"मग हांगा बसून कितें केलं इतके दिवस?"

"कांय ना," तो म्हणाला. "बार्जी मोजल्यो."

तिने हात किंचित उचलून स्टुलाकडे दाखवलं. तो बसला. मी आईकडे परत आले आणि उशाशी तोंड लपवून रडले, आवाज न करता. आईने माझ्या डोक्यावर हात ठेवला.

दुसऱ्या दिवशी सिस्टरनी मला हाक मारली. आईच्या तपासणीचा कागद आला होता. कागद इंग्रजीत होता आणि मला वाचता येत असूनही त्यातलं एक अक्षर लागेना. सिस्टरनी तो माझ्या हातातून घेतला, वाचला आणि म्हणाल्या, "साधी गाठ. काढली, संपलं. आता रडू नकोस." मी रडत नव्हते.

मी व्हरांड्यात आले. दार करकरलं, सगळ्या माना वर झाल्या. त्या क्षणी मला कुणाला तरी सांगायचं होतं आणि घरचं असं तिथे कोणीच नव्हतं. मी सगळ्यांनाच म्हणाले, "आई बरी आहे. काही नाही निघालं." गवंड्याने हात जोडले. एका माणसाने, ज्याच्याशी मी आठवडाभरात एक शब्दही बोलले नव्हते, आपली पिशवी उचलून मांडीवर घेतली आणि माझ्यासाठी जागा केली. मी बसले. नदीवर ऊन पडलं होतं आणि पैलतीरावरून माणसांनी भरलेली एक फेरीबोट येत होती. रस्ते मोकळे होऊ लागले होते.

थोड्या वेळाने म्हातारा येऊन माझ्या शेजारी बसला. आता तो चार ते पाच आत बसायचा आणि बाकी वेळ बाहेर.

"बाय," तो म्हणाला, "तुझ्या आवयचं बरं झालं. आता एक सांगतां, राग मानू नको."

"सांगा, काका."

"तू म्हणालीस, तुम्हाला वाटेल ते लावा. चाळीस वर्षांत तिने माका असं कधी म्हटलेलं ना. मिरची म्हण, कांदे म्हण, ती सांगता आणि हांव लावतां. त्याच वेळार माका कळलं, ती शुद्धीत ना."

माझा चेहरा तापला. "मग तुम्ही पुढे का विचारत राहिलात?"

तो टोपीच्या कडेवरून बोट फिरवत होता. "न विचारलं असतं तर तुका कळलं असतं, माका कळलां म्हणून. तू एवढी पोर. तुझी आवय आत. कागद यायचा होता तुझा, सिस्टर बोलत होती ते आयकलां हांवे. तुझ्या जिवाक आनीक एक ओझं कित्याक?" मग थोडं थांबून म्हणाला, "आणि तू आत जायसस, तितको वेळ तिच्यापाशी कोण तरी आसा म्हणून बरं वाटायचं."

दोन दिवस मी त्याला सांभाळतेय असं समजत होते. उन्हाचे कवडसे छतावर हलत होते. मग तो उठला आणि नळावर जाऊन तिचा पेला विसळून आला.

त्या संध्याकाळच्या बोटीने बाबा आले. दाढी वाढलेली, पायात दोन वेगळ्या चपला. कोलवाळपासून बराचसा रस्ता चालत आले होते. कागद वाचून दाखवला तेव्हा ते आईच्या खाटेच्या कडेवर बसले, जिथे बसायची परवानगी नव्हती, आणि सिस्टरनी बघून न बघितल्यासारखं केलं. गवंडी आणि त्याची बायको दुसऱ्या दिवशी सकाळी गेली, मी आईची आंघोळ उरकत असताना. निरोप घ्यायचा राहिला. आम्ही दहाव्या दिवशी निघालो. म्हातारी तेव्हा उठून बसायला लागली होती आणि आयेला झाडू कसा मारायचा ते सांगत होती. मी पाया पडले तेव्हा तिने विचारलं, "तू कोणाची गो?" मी आईकडे बोट दाखवलं.

पुढल्या उन्हाळ्यात गोवा राज्य झालं. तोवर भाषेचा कायदाही झाला होता. आमच्या गल्लीत त्यावर कडाक्याचे वाद झाले, आणि मी त्यांत पूर्वीसारखी बोलू शकले नाही. माझी मतं बदलली नव्हती, फक्त आवाज चढेना. मला डिचोली तालुक्यातल्या एका मराठी शाळेत जागा मिळाली. आई पुढे पुष्कळ वर्षं जगली. त्या दिवसांचा विषय निघाला की ती फक्त धुक्यातल्या पाण्याचं सांगायची.

नोकरीच्या दुसऱ्या की तिसऱ्या वर्षी डिचोलीच्या बाजारात सुक्या मासळीच्या ओळीत मी त्या म्हातारीला बघितलं. तीच नथणी, तोच बारका देह, खांद्याला पिशवी. कोळणीशी हुज्जत घालत होती की हे सुंगट मागच्या वर्षीचं आहे. मी तिच्या शेजारी जाऊन उभी राहिले. पहिल्यांदा मी तिच्या कपाळाकडे बघितलं. कुंकू होतं, ठसठशीत. मला तिला काहीतरी सांगायचं होतं, पण जिने मला धड पाहिलंच नव्हतं तिला मी कुठून सुरुवात करून सांगणार होते?

ती वळली. मी पिशवी घेऊन ताटकळलेली तिला दिसले असणार. तिने हाताने मला पुढे व्हायची खूण केली.

"तूं घे आदीं, बाय," ती म्हणाली. "माका घाई ना."

मी पावशेर सुकट घेतली आणि शाळेच्या बसकडे गेले.